कानात सांगायचं नाव

"अर्थ काय त्याचा?"

"चांगला आहे, आक्का."

"चांगला म्हणजे काय?"

"चांगला म्हणजे चांगला." जयवंतनं माझ्याकडे पाठ केली आणि हरभरे निवडायला घेतले. ते हरभरे मी सकाळीच निवडून ठेवले होते.

माझ्या या धाकट्या भावाची खोड लहानपणापासूनची. काही लपवायचं असलं की हाताला काम शोधतो. मी कराड आगारात कंडक्टर, अख्खी हयात माणसांची तोंडं बघण्यात गेलेली. कोण पास विसरलाय आणि कोण विसरल्याचं सोंग करतोय, हे मला दारातच कळायचं. घरचा माणूस मला काय फसवणार!

"जया, इकडं बघ. परवा बारसं. पाळण्यावर वाकून नाव सांगणार कोण?"

"तू."

"का?"

"आत्या आहेस म्हणून."

"मग आत्याला अर्थ कळायला नको?"

"संताचं नाव आहे आक्का, इथल्या. बाकीचं तुझी भावजय सांगेल, नूला. बारशादिवशीच सांगायचं असं तिनं ठरवलंय. मला शपथ घातलीय."

या गोष्टीला आता पंधरा वर्षं झाली. आयर्लंडमध्ये केरी म्हणून जिल्हा आहे. तिथल्या एका खेड्यात, जयाच्या सासूच्या स्वयंपाकघरात आम्ही बोलत होतो. जया तिकडं दूध पावडरच्या कारखान्यात नोकरीला लागला, तिथंच नूला भेटली, घरी येऊन लग्न केलं आणि आता मुलगा झाला. बाराव्या दिवशी व्हायचं बारसं माझ्या व्हिसापायी पाचव्या आठवड्यावर गेलं. तोपर्यंत पोराला सगळे नुसतं 'बाळ' म्हणत होते, नूलाची आईसुद्धा. सरकारदरबारी नाव नोंदवायला तिकडं तीन महिन्यांची मुदत असते. सोमवारी जाऊन नोंदवायचं ठरलं होतं. म्हणजे रविवारी मी कानात जे सांगीन तेच सोमवारी कागदावर चढणार आणि जन्मभर पोराला चिकटणार.

नूलानं नाव ठरवलं होतं, किअरान. म्हणायला तसं बरं होतं. पण अर्थ माहीत नसताना मी कुणाच्या कानात काही सांगत नाही. पाटी वाचल्याशिवाय मी कधी गाडीत पाऊल टाकलेलं नाही.

दुसऱ्या दिवशी लाल दोरा आणि हळकुंड घ्यायचं निमित्त केलं आणि एकटीच तालुक्याच्या गावाला निघाले. जया म्हणाला, "आक्का, चुकशील." मी म्हटलं, "एसटीत जन्म गेलाय माझा, मी चुकणार?" खरं तर मला कुणाला तरी नाव विचारायचं होतं. नूलाला विचारलं असतं तर तिचा बेत मोडला असता, आणि बाळंतिणीशी वाद घालायची माझी छाती नव्हती.

त्यांच्या बसला कंडक्टर नसतो. ड्रायव्हरच तिकीट फाडतो आणि तोच गाडी हाकतो. मला ते बघवेना. मी आपली त्याच्या मागच्याच सीटवर बसले. माणूस साठीचा, गोरापान, गालांवर लाल शिरा, बोलायची भारी हौस. मी कंडक्टर आहे म्हटल्यावर तर तो इतका खूश झाला की स्टेअरिंग सोडून हात मिळवायला निघाला. माझं इंग्रजी तिकिटापुरतं आणि त्याचं इंग्रजी तोंडात खडीसाखर धरल्यासारखं. तरी आमचं जमलं.

येताना तीच गाडी, तोच ड्रायव्हर. गाव जवळ आलं तसं मी विचारलं, "किअरान. नेम. व्हॉट मीनिंग?"

"किअरान!" तो म्हणाला. "माझ्या भावाचं नाव. द लिटल डार्क वन. डार्क, यू नो. ब्लॅक. छोटासा काळा." आणि आरशातून माझ्याकडे बघून हसला. हसताना त्याची नजर माझ्या हातावर गेली, पुढच्या दांडीवर होता त्या. तो पुढं आणखी काहीतरी सांगत होता, गावाचं, जिल्ह्याचं, हात उडवून उडवून. मी ऐकलंच नाही. स्टॉप आला तशी उतरले, त्याला 'थँक्यू'सुद्धा म्हटलं नाही.

काळ्या. माझ्या भाच्याचं नाव काळ्या.

स्टॉपपासून घरापर्यंत मैलभराची वाट. दोन्ही बाजूंना दगडी बांध आणि हिरवीगार रानं. ती वाट मी कशी चालले ते मला आठवत नाही. मला आठवत होतं ते वेगळंच. मला बघायला आलेली पहिली मंडळी, मसूरची. पोहे खाल्ले, चहा प्याले, आणि अंगणातच, मला ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं म्हणाले, "मुलगी कामाची आहे हो, पण काळी किती!" दुसरे उंब्रजचे. तिसऱ्यांचं गाव आता आठवत नाही, पण त्यांच्या म्हातारीनं माझा हात धरून, खरा रंग बघायला म्हणून मनगटावर थुंकी लावून घासलं होतं, ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. शाळेत मी काळी, तालमीच्या कट्ट्यावरनं गेले की काळी, डेपोत नवीन लागले तेव्हा 'डांबर'. ऐकून घेतलं आणि पुरून उरले. पण ते मी. या पोरानं कुणाचं काय घोडं मारलं होतं?

रंग आमच्या आबांचा. आबा म्हणजे माझे वडील, गुळव्या. आमच्या भागात गुऱ्हाळावर काहिलीत रस उकळतो तेव्हा गूळ कधी उतरायचा हे ज्याला नजरेनं कळतं तो गुळव्या. मुळात काळे, त्यात जन्मभर जाळासमोर उभे. शामराव त्यांचं नाव. गावात काळे शामराव म्हणायचे, त्यांनी कधी मनाला लावून घेतलं नाही. माझ्यासाठी मात्र घेतलं. ते थुंकीवाले गेले त्या संध्याकाळी आबा गुऱ्हाळावरनं आले ते हातात एसटीच्या भरतीचा फॉर्म घेऊन. म्हणाले, "मथुरे, लग्न जमंल तवा जमंल. आधी हे भर." लग्न पुढं जमलं नाही, आणि नडलंही नाही.

ते आबा आदल्या वर्षी गेले. नातू काही त्यांनी बघितला नाही. आई गुडघ्यांमुळे येऊ शकली नाही. तिनं आबांची दोन जुनी धोतरं माझ्या बॅगेत भरली होती, धुऊन धुऊन लोण्यासारखी मऊ झालेली. "एकाची दुपटी शिव, दुसऱ्याची झोळी बांध," म्हणाली. "ह्यांच्या अंगावरचं आहे." आमची आई आबांना 'हे' म्हणायची. नाव घेऊन मोकळं होणं तिला कधी जमलंच नाही. रेशन ऑफिसात साहेबानं "नवऱ्याचं नाव?" विचारलं की मला पुढं ढकलायची, "मथुरे, सांग." लग्नाकार्यात बायकांनी उखाण्याचा आग्रह धरला तर अर्धा उखाणा म्हणून पदर तोंडाला लावून पळून जायची.

घरी पोचले तेव्हा नूलाची आई, मॉरीन, खिडकीत बाळाला घेऊन बसली होती. बाई चांगली, मला रोज चहात चहापेक्षा दूधच जास्त घालून द्यायची. तिनं बाळाच्या जावळावरून बोट फिरवलं आणि हसून काहीतरी म्हणाली. त्यातलं 'डार्क' मला स्पष्ट ऐकू आलं.

झालं! माझी खात्री पटली. यांना गोऱ्या घरात काळं पोर आलंय याची गंमत वाटतेय. कुत्र्या-मांजराला रंगावरून नाव ठेवावं तसं हे ठेवतायत, आणि माझा भाऊ मान खाली घालून हरभरे निवडतोय.

जयाला परसात गाठलं.

"किअरान म्हणजे काळ्या ना?"

तो चपापला. "कुणी सांगितलं तुला?"

"म्हणजे तुला ठाऊक होतं!"

"आक्का, ऐक तरी..."

"काय ऐकू? काळी म्हणून मी काय काय ऐकलंय ते तू लहान असलास तरी बघितलंयस. त्या म्हातारीनं मनगट घासलं तेव्हा तू दारात उभा होतास. रडला होतास. आणि आता पोटच्या पोराला...?" माझा आवाज फाटला.

"नूला सांगेल ना उद्या."

"उद्या काय सांगायचं ते मी सांगीन," मी म्हटलं. "पाळण्यावर मी वाकणार आहे. प्रताप सांगीन. प्रताप जयवंत. कुणाला आडवं यायचं असेल त्यानं यावं."

"आक्का, तू असं करणार नाहीस."

"मी हायवेवर दारू पिलेली गाडीभर वऱ्हाडी मंडळी खाली उतरवलीयत, जया."

बायकोनं घातलेली शपथ मोडवेना आणि बहिणीला थांबवता येईना, असा तो तिथं उभा राहिला. माझा त्याच्यावर इतका राग होता की मला त्याची दयासुद्धा आली नाही.

रविवारी अकराच्या सुमाराला शेजारच्या चार बायका आल्या. मॉरीननं बैठकीच्या खोलीतल्या तुळईला लोखंडी आकडा ठोकून घेतला होता आणि मी त्याला आबांच्या धोतराची झोळी बांधली होती. खाली पाटावर घुगऱ्या, नारळ, पणती. जयानं त्या बायकांना समजावून ठेवलं होतं, की आत्या नाव सांगायला वाकली की तिच्या पाठीत धपाटे घालायचे. त्यांना हे फारच आवडलं होतं. एक जाडजूड बाई तर आल्यापासून बाह्या सरसावून माझ्या मागंच उभी होती.

जयानं कराडला फोन लावला, आवाज मोठा केला आणि फोन खिडकीत ठेवला. "आई, ऐकू येतंय?"

"येतंय रे बाबा. घुगऱ्या केल्या का?"

"केल्या."

"मथुरा कुठं आहे?"

"पाळण्यापाशी."

मी पाळण्यापाशीच होते. मॉरीननं पाळण्यावरून बाळ माझ्याकडे दिलं, मी पाळण्याखालून तिच्याकडे, असं तीनदा झालं. मग नूलानं बाळ झोळीत ठेवलं. माझ्याच सांगण्यावरून हिरवी साडी नेसली होती, निऱ्या सगळ्या वाकड्या. माझ्याकडे बघून हसली. इतकं खुशीत येऊन हसली की मी नजर झोळीकडे वळवली.

मी वाकले. बाळ जागं होतं. आबांच्या धोतरात, आबांच्याच रंगाचं. डोळे लुकलुकत माझ्याकडे बघत होतं. मी त्याच्या कानाशी तोंड नेलं, "कुर्रर्र" केलं, आणि प्रताप म्हणायला तोंड उघडलं.

माझ्याच्यानं होईना. चोरून केलेलं मला कधी जमलेलं नाही. विनातिकीट माणूस पकडला तरी मी त्याला सगळ्या गाडीसमोर बोलते, कानात नाही.

मी सरळ उभी राहिले. मागच्या बाईचा उगारलेला हात तसाच राहिला.

"हे नाव मी सांगणार नाही," मी मोठ्यानं म्हणाले.

फोनमधून आई म्हणाली, "काय झालं गं?"

"नूला, तू माझ्यापेक्षा लहान आहेस, बाळंतीण आहेस, तरी विचारते. किअरान म्हणजे काळा. हो का नाही?"

नूलाचं हसू गेलं. "हो," ती म्हणाली.

"माझ्या भाच्याला काळ्या म्हणून जन्मभर हाक मारायची? शाळेत, रस्त्यात? तुम्हाला माहीत नाही काळं असणं म्हणजे काय. मला माहीत आहे. मी त्याच्या कानात ते घालणार नाही. बारसं मोडलं तर मोडू दे."

जया पुढं आला, तशी नूलानं हात करून त्याला थांबवलं. लग्नाच्या वेळी ती आमच्याकडे दीड महिना राहिली होती. आईच्या मागंमागं फिरून मराठी शिकली होती. बोलायची ती अडखळत, शब्द जुळवत, पण बोलायची मराठीच.

"आक्का, आमच्याकडे जुनी रीत आहे. पहिला मुलगा झाला, की त्याला वडिलांच्या वडिलांचं नाव. दुसऱ्याला आईच्या वडिलांचं. माझ्या भावाचं नाव माझ्या आजोबांचं. म्हणून बाळाचं नाव मी आधीच ठरवलं. पोटात होता तेव्हाच. आबांचं नाव. शाम."

"मग ते का नाही ठेवलं?"

"कसं ठेवणार?" ती म्हणाली. "लग्नात मी आईंना विचारलं, आबांचं नाव काय. आई बोलल्या नाहीत. मला चुलीकडे नेलं आणि तवा दाखवला, तव्याचा खालचा काळा भाग. मग कॅलेंडरवरचा कृष्ण दाखवला. मला कळेना. मग जया म्हणाला, शाम. मी मोठ्यानं म्हणाले, 'शाम!' तर आईंनी माझ्या तोंडावर हात ठेवला. म्हणाल्या, सासऱ्याचं नाव सुनेनं घ्यायचं नाही. मी म्हणाले, बरं, नाही घेणार."

नूलानं झोळीला हलका झोका दिला.

"आता मी शाम नाव ठेवलं, तर मी त्याला हाक कशी मारू? 'शाम, जेव. शाम, चिखलात जाऊ नको. शाम, मार खाशील.' आबांना मार? मी आईंना शब्द दिलाय." तिचे डोळे भरून आले होते, पण आवाज ठाम होता. "मग मी जयाला विचारलं, शाम म्हणजे काय. तो म्हणाला, सावळा. काळा. मी म्हणाले, हे नाव तर आमच्याकडे आहे! आमच्याकडे ते फार जुनं आहे. किअर म्हणजे काळा. किअरान म्हणजे छोटा काळा. छोटा शाम. हे आबांचंच नाव आहे, आक्का. फक्त मला घेता येईल असं."

मी झोळीचा काठ धरला.

जया मॉरीनच्या कानाशी लागून तिला सगळं सांगत होता. ऐकता ऐकता ती उठली, माझ्याजवळ आली आणि भिंतीवरच्या जुन्या नकाशावर तिनं बोट ठेवलं. जयानं सांगितलं, "आक्का, त्या म्हणतायत, आपण उभे आहोत त्या जिल्ह्याचं नाव, केरी, किअरवरनंच पडलंय. किअर म्हणून इथला मूळपुरुष. काळ्याची लेकरं, म्हणजे केरीची माणसं. म्हणतायत, आम्ही सगळे त्याचेच, आम्ही असे फिकट कसे निघालो कोण जाणे."

तो ड्रायव्हर हात उडवून हेच सांगत होता, आणि मी गाडीतून उतरले होते. रोज लोकांना "घाई करू नका, गाडी थांबू द्या" म्हणून ओरडणारी मी.

"तू मला काल का नाही बोललास?" मी जयाला म्हटलं.

"तू बोलू देतेस का कुणाला?"

सगळे हसले, ज्यांना कळलं नाही ते जास्त हसले. मी नूलाचा चेहरा दोन्ही हातांत धरला. माफी मागायची मला सवय नाही. "पोरी," म्हटलं, "माझी चूक झाली." तिनं माझ्या खांद्यावर डोकं टेकलं. मग मला आबांची इतकी आठवण आली की मी सगळ्यांसमोर ढसाढसा रडले. त्यांना म्हणावंसं वाटलं, आबा, बघा, तुमच्या रंगाचा इथं अख्खा जिल्हा आहे.

डोळे पुसले आणि वाकले. बाळानं मूठ चोखायला घेतली होती. मी त्याच्या कानाला तोंड लावलं. "कुर्रर्र," म्हटलं, "किअरान. किअरान जयवंत." तोच मागच्या बाईचा धपाटा असा बसला की मी झोळीतच पडायची राहिले. मग बाकीच्यांनीही हात साफ करून घेतले. मॉरीननं तर दोन घातले, आणि मला वाटतं त्यातला एक रीतीबाहेरचा होता.

गलबला थांबला तेव्हा जयाला फोनची आठवण झाली. "आई, आहेस ना? ऐकलंस?"



"मथुरे," आई म्हणाली, "काय नाव म्हणालीस?"

"किअरान."

"ह्यांचंच का गं?"

"आबांचंच. त्यांच्या भाषेत."

"परत एकदा सांग."

मी परत सांगितलं, सावकाश, स्टॉपचं नाव सांगावं तसं. पलीकडे आई ते पुटपुटत होती, पहिल्यांदा चुकलं, दुसऱ्यांदा अर्धंच आलं. एकावन्न वर्षांचा संसार, त्यात एक दिवसही तिनं त्यांना नावानं हाक मारली नव्हती. आबा गुऱ्हाळावर असले की बांधावर उभी राहून "अहो, ऐकलं का!" असं ओरडायची, आणि आजूबाजूच्या रानातली चार माणसं "ओ" द्यायची.

"किअरान," आई म्हणाली. यावेळी बरोबर म्हणाली.

मग घसा साफ केला, आणि बांधावरनं हाक मारायची त्या आवाजात, मोठ्यानं म्हणाली, "किअरान! चला, जेवायला चला."

पाच आठवड्यांच्या पोराला ती अहो-जाहो करतेय हे तिच्या ध्यानात आलं नाही, आणि आम्ही कुणी ते सांगितलंही नाही.